कागद नसलेल्यांचा सिनेमा आणि कागद मागणारे

सप्टेंबर २०२४ मध्ये फिल्म फेडरेशन ऑफ इंडियाच्या तेरा जणांच्या निवड समितीने ऑस्कर स्पर्धेसाठी भारताची प्रवेशिका म्हणून 'लापता लेडीज'ची निवड केली. या तेरांत एकही स्त्री नव्हती. निवडलेल्या चित्रपटाविषयी तक्रार करण्याचे कारण नाही. किरण राव यांचा तो चित्रपट गुणवान आहे. आक्षेप आहे तो दुसरा चित्रपट बाजूला सारताना दिलेल्या कारणाला. पायल कपाडिया यांचा 'ऑल वी इमॅजिन ॲज लाइट' पाहताना आपण भारतात घडणारा भारतीय चित्रपट पाहत नसून भारतात घडणारा युरोपीय चित्रपट पाहत आहोत असे समितीला वाटले, हे फेडरेशनच्या अध्यक्षांनी जाहीरपणे सांगितले.

मुंबईत आणि रत्नागिरीत चित्रित झालेल्या, मल्याळम, हिंदी आणि मराठी बोलणाऱ्या, इस्पितळात राबणाऱ्या तीन स्त्रियांच्या चित्रपटाला 'तू इथला नाहीस' असे बजावण्यात आले. हे वाक्य ज्यांना आयुष्यभर ऐकावे लागते त्यांच्याविषयीच तर हा चित्रपट आहे! समितीने तो पाहिला खरा. परंतु त्यातील बिल्डरची भूमिका आपण स्वतःच वठवीत आहोत, हे तिच्या ध्यानात आले नसावे.

चित्रपटसृष्टीतले अंतर्गत भांडण म्हणून हे प्रकरण सोडून द्यावे, असे आपल्यापैकी पुष्कळांना वाटेल. महोत्सव, पारितोषिके आणि लाल गालिचे यांच्याशी कष्टकऱ्यांच्या चळवळीचा काय संबंध, असा प्रश्न कार्यकर्ते विचारतात आणि तो अनाठायी नाही. परंतु येथे प्रश्न पारितोषिकाचा नाही. या देशात, या शहरात, कोण आपले आणि कोण परके हे ठरविण्याचा अधिकार कोणी आपल्या हाती घेतला आहे, हा तो प्रश्न आहे. आपलेपणा ही केवळ भावना आहे असे मानून आपण गप्प बसतो, तेव्हा त्या भावनेचे राजकारण दुसरेच लोक करीत राहतात. माझे म्हणणे असे आहे की, आपलेपणा हा आधी मजुरीचा, खोलीचा आणि कागदाचा प्रश्न आहे. भावना त्यामागून येते. पायल कपाडिया यांनी ही गोष्ट ओळखली आहे. म्हणूनच त्यांच्या चित्रपटाची दखल समाजवादी कार्यकर्त्याने घेतली पाहिजे.

तीन स्त्रिया आणि एक शहर

पायल कपाडिया यांचा जन्म १९८६ साली मुंबईत झाला. चित्रकार नलिनी मालानी यांच्या त्या कन्या. मुंबईतल्या महाविद्यालयात अर्थशास्त्राची पदवी घेऊन त्या पुढे पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटमध्ये दाखल झाल्या. त्यांच्या 'अ नाइट ऑफ नोइंग नथिंग' या अनुबोधपटाला २०२१ साली कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट अनुबोधपटाचे 'गोल्डन आय' पारितोषिक मिळाले. मे २०२४ मध्ये त्यांचा पहिला दीर्घ कथापट त्याच महोत्सवाच्या मुख्य स्पर्धेत दाखविला गेला. शाजी करुण यांच्या 'स्वहम'नंतर, म्हणजे १९९४ नंतर, तीस वर्षांनी भारतीय चित्रपट त्या स्पर्धेत पोहोचला होता आणि त्याने तेथील दुसऱ्या क्रमांकाचे, 'ग्रँ प्री' हे पारितोषिक मिळविले.

चित्रपटाचा आरंभ मुंबईतील रात्रीच्या बाजाराच्या दृश्यांनी होतो. माल उतरविणारे, निवडणारे, वाहून नेणारे हात दिसतात आणि त्यावर निरनिराळ्या भाषांतील निनावी आवाज ऐकू येतात. हे सारे आवाज बाहेरून आलेल्यांचे. शहरात इतकी वर्षे काढली, तरी त्याला घर म्हणण्याचा धीर होत नाही, अशा आशयाचे काही त्यांतील एक जण बोलून जातो. नायिका पडद्यावर येण्यापूर्वीच दिग्दर्शिकेने गर्दीला बोलू दिले आहे. गर्दीचा उपयोग नायकामागे नाचण्यापुरता करणाऱ्या आपल्या धंदेवाईक सिनेमाच्या तुलनेत हा एवढा बदलही लहान नाही.

मग तिघी येतात. प्रभा आणि अनू या केरळातून आलेल्या परिचारिका. दोघी एका भाड्याच्या खोलीत राहतात. प्रभाचे लग्न घरच्यांनी ठरविले. नवरा जर्मनीत कामाला गेला आणि हळूहळू त्याचा आवाजही येईनासा झाला. एके दिवशी निरोपाच्या एका ओळीविना जर्मन बनावटीचा भात शिजविण्याचा कुकर तेवढा घरी येतो. अनू वयाने लहान. तिचे शियाझ या मुसलमान तरुणावर प्रेम आहे आणि दोघांना एकांतात बसायला या अवाढव्य शहरात जागा नाही. तिसरी पार्वती. ती रत्नागिरीकडची, विधवा, त्याच इस्पितळात स्वयंपाकाचे काम करणारी. ज्या चाळीत तिचे आयुष्य गेले ती पाडून तेथे टोलेजंग इमारत उभी राहायची आहे. खोलीवरचा आपला हक्क सिद्ध करणारा एकही कागद तिच्यापाशी नाही. नवरा गेला आणि त्याच्याबरोबर खोलीचा पुरावाही गेला.

या तिघींना 'एकाकी' म्हणून समीक्षक मोकळे झाले. महानगरातील एकटेपणाचे हळुवार काव्य, असे या चित्रपटाचे वर्णन देशोदेशी झाले आहे. हे वर्णन खोटे नसले तरी फार सोयीचे आहे. एकटेपणा आभाळातून पडत नाही. प्रभाचा नवरा जर्मनीला का गेला? केरळातल्या मुलींना शेकडो मैल दूर येऊन रात्रपाळ्या का कराव्या लागतात? अनूला महिन्याचे भाडे भागविण्यासाठी प्रभापुढे हात का पसरावा लागतो? पार्वतीपाशी कागद का नाही? हे प्रश्न टाळून नुसत्या एकटेपणाचे कौतुक करणे म्हणजे रोग्याच्या कण्हण्यातील लय वाखाणण्यासारखे आहे.

जमिनीची किंमत कोण वाढवितो?

पार्वतीच्या खोलीपासूनच आरंभ करू. मुंबईच्या गिरणगावाचा इतिहास या पत्राच्या वाचकांना नव्याने सांगण्याची आवश्यकता नाही. १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख गिरणी कामगार संपावर गेले. हजारो कुटुंबे कोकणात आणि घाटावर परतली. त्यांतील कितीतरी पुन्हा शहरात आलीच नाहीत. गिरण्या आजारी ठरल्या, पण त्यांच्याखालची जमीन मात्र ठणठणीत होती. सुमारे ६०० एकरांची ही जमीन. १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीतील ५८ व्या नियमाने तिचे तीन वाटे ठरविले: एक मोकळ्या जागांसाठी महापालिकेला, एक सार्वजनिक घरांसाठी म्हाडाला आणि एक मालकाला. २००१ साली या नियमात दुरुस्ती झाली. वाटणी करायची ती ज्या जमिनीवर बांधकाम नाही तेवढ्याच जमिनीची, असा तिचा अर्थ निघाला. एका शब्दाच्या फेरफाराने लोकांच्या वाट्याची बहुतेक जमीन हातची गेली. मार्च २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही ही दुरुस्ती उचलून धरली. घरासाठी दीड लाखाहून अधिक गिरणी कामगारांनी आणि त्यांच्या वारसांनी अर्ज केले. २०२० पर्यंतच्या सोडतींतून निघालेली घरे सोळा हजारांच्या आतबाहेर होती.

रिकार्डोने १८१७ साली खंडाचा सिद्धान्त मांडला, तेव्हा एक साधी गोष्ट दाखवून दिली होती: जमिनीचा खंड जमीनदाराच्या कर्तृत्वाने वाढत नाही. पुढे १८७९ साली हेन्री जॉर्जने तीच गोष्ट शहरांना लावून दाखविली. शहरात माणसे येतात, राबतात, रस्ते आणि बाजार उभे करतात, इस्पितळे चालवितात. म्हणून जमिनीला किंमत येते. ही वाढ मालकाच्या दृष्टीने अनार्जित आहे, कारण ती त्याने कमावलेली नाही. कमावली ती पार्वतीने, प्रभाने, अनूने आणि पहाटेच्या बाजारात पाट्या वाहणाऱ्याने. आता मुंबईतला व्यवहार पाहा. ज्यांच्या श्रमाने जमिनीची किंमत वाढते, त्यांनाच त्या वाढलेल्या किमतीच्या नावाने हुसकून लावले जाते! पार्वतीने परवडत नाही इतकी महाग जमीन स्वतःच घडविली आणि त्याबद्दल तिला शिक्षा झाली ती घर सोडण्याची.

कपाडिया यांनी हा सिद्धान्त कोठे उच्चारलेला नाही. कलावंताने तो उच्चारावा अशी अपेक्षाही नाही. त्यांनी दाखविला आहे तो बिल्डरचा एक जाहिरातफलक. वरचा वर्ग हा विशेषाधिकार आहे आणि तो विशेषाधिकार असणाऱ्यांसाठीच राखीव आहे, अशा अर्थाचे इंग्रजी शब्द त्यावर झळकतात. रात्री प्रभा आणि पार्वती त्या फलकावर दगड भिरकावतात. शासन गरिबांसाठी घरे बांधण्याच्या घोषणा करीत असताना बिल्डर मात्र वर्गविग्रहाची भाषा न लाजता, विजेच्या प्रकाशात, चाळीच्या समोर लावतो. आपण ती भाषा जुनाट ठरून बसल्याची चर्चा करतो आणि त्याने तिचा धंदा मांडला आहे.

पांढऱ्या गणवेशामागचा हिशेब

आता प्रभा आणि अनूचे पाहू. केरळाने आपल्या मुली शिकविल्या आणि देशातील, आखातातील, युरोपातील इस्पितळांना परिचारिका पुरविल्या. शिक्षणाचा खर्च त्या राज्याने आणि त्या मुलींच्या आईबापांनी केला. त्या शिक्षणाचे फळ खासगी इस्पितळांनी चाखले. जानेवारी २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ट्रेंड नर्सेस असोसिएशनच्या याचिकेवर केंद्र सरकारला समिती नेमण्याचा आदेश दिला. त्या समितीने शिफारस केली ती अशी: दोनशेहून अधिक खाटांच्या खासगी इस्पितळांनी परिचारिकांना त्या राज्याच्या सरकारी परिचारिकेइतका पगार द्यावा, आणि पन्नासपेक्षा कमी खाटांच्या इस्पितळांतही तो दरमहा २०,००० रुपयांहून कमी असू नये. शिफारशी राज्यांकडे गेल्या. पुढे काय झाले, हे कोणत्याही शहरातल्या छोट्या खासगी इस्पितळात रात्रपाळीला असलेल्या मुलीला विचारावे.

करोनाच्या काळात, २०२० साली, याच मुलींसाठी थाळ्या वाजल्या आणि आकाशातून फुलेही पडली. परंतु थाळी वाजविल्याने भाडे भागत नाही. अनूच्या तोंडी कोणतेही क्रांतिकारक भाषण नाही. ती पगार पुरत नाही म्हणून मैत्रिणीकडे भाड्याची उसनवार करते, एवढेच. तिला मनासारखे प्रेम करता येत नाही, याचे एक कारण धर्माची भिंत आहे आणि दुसरे कारण चार भिंतींचा अभाव हे आहे. आपल्या चर्चांत या दोहोंची फारकत झाली आहे: धर्मनिरपेक्षतेवर एक परिसंवाद, घरभाड्यावर दुसरा. अनूच्या आयुष्यात मात्र हे दोन प्रश्न एकाच संध्याकाळी, एकाच लोकलमध्ये एकत्र बसलेले असतात.

भूमिपुत्राला कोणी हाकलले?

महाराष्ट्रातल्या वाचकाने या चित्रपटाकडून घ्यावी अशी खरी गोष्ट येथे आहे. १९६६ पासून मुंबईत 'बाहेरच्यांनी' मराठी माणसाचे पोट मारले अशी हाकाटी सुरू झाली. तिचा पहिला रोख दाक्षिणात्यांवर होता. त्यांत केरळी कारकून होते, टंकलेखक होते. पुढे रोख उत्तरेकडे वळला, मुसलमानांकडे वळला. शब्द बदलले, चाल तीच राहिली. मराठी माणसाची व्यथा खोटी होती असे मी म्हणणार नाही. बेकारी होती, अवहेलना होती. आणि मुंबईसह संयुक्त महाराष्ट्रासाठी ज्यांनी रक्त सांडले त्यांत गिरणी कामगार मोठ्या संख्येने होते. परंतु रोगाचे निदान चुकविले गेले, आणि ते जाणूनबुजून चुकविले गेले.

या चित्रपटात घर कोणाचे जाते ते पाहा. घर जाते मराठी पार्वतीचे. ज्या केरळी प्रभाला पन्नास वर्षांपूर्वी 'परत जा' म्हणून सांगितले गेले असते, ती पार्वतीच्या बाजूने उभी राहते, तिच्या कागदांसाठी धडपडते, तिच्याबरोबर दगड उचलते आणि तिचे सामान घेऊन तिला गावापर्यंत पोहोचवायला जाते. भूमिपुत्रीला भूमीवरून उठविणारा माणूस मल्याळम बोलत नाही. तो कोणती भाषा बोलतो याला महत्त्वही नाही. तो चौरस फुटांची भाषा बोलतो आणि ती त्याला सर्व पक्षांच्या कचेऱ्यांत समजावून घ्यावी लागत नाही. गिरणगावातून मराठी माणूस गेला तो शेजारच्या खोलीतील मल्याळ्यामुळे किंवा भय्यामुळे गेला नाही. तो नियम ५८ मुळे गेला आणि त्या नियमाच्या दुरुस्तीवेळी त्याच्या नावाने गर्जणारे सारे मूग गिळून बसले होते.

आजही भाषेच्या प्रश्नावर मुंबईतल्या एखाद्या फेरीवाल्याच्या श्रीमुखात भडकावणे सोपे आहे. पार्वतीच्या चाळीसमोरचा फलक मात्र शाबूत राहतो. मराठीचा अभिमान ज्यांना खराच वाटतो त्यांनी पार्वतीच्या खोलीचा कागद आधी शोधून द्यावा.

युरोपीय कोण आणि का?

आता फेडरेशनच्या आरोपाकडे वळू. चित्रपट युरोपीय कसा? त्याचा पैसा फ्रान्स, नेदरलँड्स, लक्झेंबर्ग आणि इटलीतूनही आला, हे खरे आहे. परंतु हा पैसा तेथून का आणावा लागला, हे विचारण्याचे कष्ट समितीने घेतले असते तर बरे झाले असते.

फ्रान्समध्ये चित्रपटाच्या प्रत्येक तिकिटावर सुमारे १०.७ टक्के कर घेतला जातो आणि तो राष्ट्रीय चित्रपट केंद्राकडे जाऊन त्यातून नव्या चित्रपटांना साहाय्य मिळते. पॅरिसमध्ये अमेरिकन मारधाडपट पाहणारा प्रेक्षकही अशा रीतीने तरुण दिग्दर्शकाच्या पहिल्या चित्रपटाला आपला वाटा देत असतो. आपल्याकडे शंभर रुपयांवरील तिकिटावर १८ टक्के वस्तू व सेवा कर आहे. तो सर्वसाधारण तिजोरीत जमा होतो, त्यातील ठरावीक वाटा सिनेमाकडे परत येत नाही. १९६० साली स्थापन झालेल्या फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनने मृणाल सेन यांच्या 'भुवन शोम'ला पैसा पुरविला आणि १९६९ मध्ये हिंदी सिनेमाला नवी वाट सापडली. त्याच कॉर्पोरेशनचे पुढे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ झाले. २०२२ साली फिल्म्स डिव्हिजन, राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय, बालचित्र समिती या साऱ्या संस्था त्या एका महामंडळाच्या पोटात ढकलण्यात आल्या. कंपनी कायद्याने चालणाऱ्या महामंडळाकडे देशाची चित्रस्मृती सोपविणे, यावरून शासनाचे कलेविषयीचे अर्थशास्त्र कळून येते.

सरकारने या चित्रपटाला काहीच दिले नाही असे म्हणणे अन्यायाचे होईल. भारत-फ्रान्स करारानुसार सरकारने त्याला अधिकृत सहनिर्मितीचा दर्जा दिला आणि पात्र खर्चाच्या ३० टक्के परताव्याला अंतरिम मंजुरीही दिली. मात्र परतावा खर्च करून झाल्यावर मिळतो. आधी खर्चाला पैसा असावा लागतो. आणि ज्याच्याजवळ आधीच पैसा आहे त्याला मदत करणे हेच तर आपल्या साऱ्या प्रोत्साहन योजनांचे सूत्र आहे. असो. पण सरकारच्या कागदावर जो चित्रपट भारतीय सहनिर्मिती आहे तो निर्मात्या-वितरकांच्या संघटनेला युरोपीय वाटतो, हा विनोद कोणाच्या खर्चाने चालला आहे? गंमत अशी की, फ्रान्सच्या निवड समितीने हा चित्रपट आपल्या अखेरच्या चारांत घेतला होता आणि शेवटी दुसराच पाठविला. म्हणजे पार्वतीप्रमाणे या चित्रपटालाही दोन्हीकडे घर नाही! त्याच वर्षी संध्या सुरी यांचा 'संतोष' हा उत्तर भारतातील जातवास्तवावरचा हिंदी चित्रपट ब्रिटनने आपला म्हणून पाठविला आणि तो अकादमीच्या पंधरांच्या यादीत पोहोचला. आपली अधिकृत प्रवेशिका त्या यादीत नव्हती.

हा आरोप नवा नाही. 'पथेर पांचाली' हा १९५५ चा चित्रपट पश्चिम बंगाल सरकारच्या पैशाने पुरा झाला, तरी १९८० साली राज्यसभेच्या सदस्य नर्गिस यांनी सत्यजित राय हे परदेशात भारताचे दारिद्र्य विकतात असा ठपका ठेवला होता. दारिद्र्य असण्याची लाज नाही, ते दिसण्याची लाज आहे, ही आपल्या वरच्या वर्गाची जुनी खोड आहे. आणि शुद्ध स्वदेशीचा एवढाच सोस असेल तर दादासाहेब फाळक्यांनी १९१२ साली लंडनला जाऊन कॅमेरा विकत आणला होता, हे या संघटनेने विसरू नये. त्या विलायती कॅमेऱ्याने टिपलेला 'राजा हरिश्चंद्र' भारतीय आणि मुंबईच्या पावसात भिजलेली पार्वती युरोपीय, हा न्याय कोणत्या शास्त्रातला?

एका योगायोगाने हा न्याय पुरता उघडा पाडला आहे. पार्वतीची भूमिका छाया कदम यांनी केली आहे. निवडल्या गेलेल्या 'लापता लेडीज'मधील मंजूमाई याही त्याच. रेल्वे फलाटावर चहाची टपरी चालविणारी, प्रेमळ, विनोदी छाया कदम भारतीय ठरल्या. बिल्डरच्या फलकावर दगड मारणाऱ्या छाया कदम परक्या ठरल्या. फरक कोठे आहे हे वाचकांना सांगायला नको.

संस्था कोणाची?

पुण्याच्या इन्स्टिट्यूटमधील प्रसंग याच न्यायाचा दुसरा भाग आहे. जून २०१५ मध्ये संस्थेच्या अध्यक्षपदी गजेंद्र चौहान यांची नेमणूक झाली तेव्हा विद्यार्थ्यांनी १३९ दिवस संप केला. ऑगस्टमध्ये मध्यरात्री पोलीस आवारात शिरले आणि पाच विद्यार्थ्यांना अटक झाली. पुढे जे आरोपपत्र आले त्यात पस्तीस विद्यार्थ्यांची नावे होती. पायल कपाडिया त्यांतील एक. संस्थेने त्यांच्यावर शिस्तभंगाची कारवाई केली आणि अनुदान रोखले. मे २०२४ मध्ये कानचे पारितोषिक मिळाले तेव्हा पंतप्रधानांनी त्यांचे अभिनंदन करताना त्या या संस्थेच्या माजी विद्यार्थिनी असल्याचा अगत्याने उल्लेख केला. संस्थेनेही अभिमान व्यक्त केला. त्या दिवशी पुण्याच्या न्यायालयात २०१५ चा तो खटला प्रलंबितच होता!

पुढे सरकारने भूषण म्हणून मिरवावे आणि मागे पोलिसांनी आरोपी म्हणून बोलवावे, या अवस्थेत आपल्या तरुण कलावंताचा आपलेपणा लटकत राहतो. विजयी झाल्यास तो राष्ट्राचा. प्रश्न विचारल्यास परका. या देशात मजुराला, मुसलमानाला, दलिताला आणि आदिवासीला ही अट केव्हापासून ठाऊक आहे. आता ती सुशिक्षित कलावंताच्या दारी आली आहे, एवढेच.

आपल्या मित्रांचा आक्षेप

आपल्याच वर्तुळात या चित्रपटाविरुद्ध एक तक्रार ऐकू येते. पार्वती लढत नाही, निमूट गावी जाते. उत्तरार्धात चित्रपट समुद्रकिनाऱ्यावर जाऊन बसतो आणि स्वप्नात रमतो. बिल्डर राहतो बाजूला. शिवाय दिग्दर्शिका संपन्न, सुसंस्कृत घरातली; तिला चाळ काय ठाऊक? या तक्रारीचा विचार केला पाहिजे.

पहिले असे की, पार्वती गावी जाते हे गिरणगावाच्या इतिहासाशी इमान राखणारे आहे. तशी गेलेली माणसे हजारोंनी मोजावी लागतील. पडद्यावर पार्वतीला खटला जिंकून दिला असता तर आपल्याला टाळ्या वाजविता आल्या असत्या. पार्वतीला मात्र त्याचा काही उपयोग नव्हता. जी लढाई रस्त्यावर जिंकता आलेली नाही ती दिग्दर्शिकेने पडद्यावर जिंकून द्यावी, ही मागणी कलेकडून फार आणि आपल्याकडून फार थोडे मागते.

दुसरे, उत्तरार्धात प्रभा नवऱ्याला मनातून नाकारते, अनूच्या प्रेमाला आपल्यात जागा देते आणि अखेरीस तिघी शियाझसह एकत्र बसतात. रक्ताचे, जातीचे, धर्माचे, प्रांताचे कोणतेच नाते नसलेल्यांचे हे कुटुंब आहे. आपलेपणा कागदाने नाकारलेली माणसे एकमेकांना आपली म्हणतात. समाजवाद्यांनी याला पलायन म्हणावे, हे आश्चर्य आहे. आपण तर या गोष्टीला बंधुभाव म्हणत आलो.

तिसरे, जन्माने कोण कोठला यावरून कोणी काय दाखवावे हे ठरवायचे तर फेडरेशनच्या निवड समितीत आणि आपल्यात अंतर राहत नाही. चाळीतील मुलामुलींच्या हाती कॅमेरा जावा, ही मागणी योग्यच आहे. त्यासाठी तक्रार कपाडिया यांच्याकडे न करता सार्वजनिक पैशाकडे करावी. केरळ सरकारने आपल्या चित्रपट विकास महामंडळामार्फत स्त्री दिग्दर्शकांच्या आणि अनुसूचित जाती-जमातींतील दिग्दर्शकांच्या चित्रपटांना निर्मितीसाठीच पैसा देण्याची योजना राबविली आहे. फाळक्यांच्या महाराष्ट्राला तसे का करता येऊ नये? जानेवारी २०२५ मध्ये रोहन कानवडे यांच्या 'साबर बोंडं' या मराठी चित्रपटाने अमेरिकेतील सनडान्स महोत्सवात जागतिक कथापट विभागाचे सर्वोच्च पारितोषिक मिळविले. त्याच्या निर्मितीतही परदेशी भागीदार होतेच. तेव्हा हा एकट्या कपाडिया यांचा प्रश्न नाही.

म्हणून कार्यकर्त्यांपुढे मी चार कामे ठेवतो. पुनर्विकासाच्या प्रत्येक प्रकल्पात प्रत्यक्ष राहणाऱ्याचा हक्क मान्य व्हावा आणि मृत भाडेकरूच्या विधवेवर कागद सिद्ध करण्याचा बोजा पडू नये, यासाठी वॉर्डावॉर्डातून लढा उभारावा. परिचारिकांच्या वेतनाविषयीच्या २०१६ च्या शिफारशी महाराष्ट्रात कायद्याने बंधनकारक व्हाव्यात, यासाठी त्यांच्या संघटनांबरोबर उभे राहावे. तिकिटावरील कराचा निश्चित वाटा नव्या दिग्दर्शकांच्या चित्रपटांसाठी वेगळा काढावा आणि तो खर्च होण्यापूर्वी द्यावा, ही मागणी विधिमंडळात न्यावी. आणि ज्यांना मल्टिप्लेक्सचे तिकीट परवडत नाही त्यांच्यासाठी असे चित्रपट युनियनच्या सभागृहांत, शाळांत, वाचनालयांत रीतसर परवानगी घेऊन दाखवावेत. नोव्हेंबर २०२४ मध्ये हा चित्रपट देशभर लागला, तेव्हा ज्यांची ती कहाणी त्यांतील किती जणांना तो पाहता आला असेल, याचा अंदाज तिकिटाच्या दरावरून करावा. प्रदर्शनानंतर दिवे लागतील तेव्हा सभागृहात बसलेल्या किती जणांच्या खोलीला कागद आहे, एवढे मात्र अवश्य विचारावे आणि त्यांची नावे-पत्ते लिहून घ्यावेत. पुढच्या आठवड्याचे काम त्या यादीतून निघेल.